सरळ चिकटवलेला मोजा

सोम्जिन नदीच्या वरच्या अंगाला, डोंगराला टेकून मुरवण-शाळा होती. दरबारात तिचं नाव भलंमोठं लांबलचक होतं, पण गावात ते उच्चारायला कुणाला सवड होती? जिथे दिवस मुरवतात ती मुरवण-शाळा, झालं. लिहिलेला काळ वाळून जातो आणि मुरवलेला टिकतो, असं तिथल्या गुरुजींचं म्हणणं. म्हणून दिवस मावळताना एक विद्यार्थी एका रांजणावर वाकून तो अख्खा दिवस आत सांगायचा, वरून मिठाचं पाणी ओतायचा, कोळसा टाकायचा आणि झाकण लावायचा. पुढे कधी तो दिवस पाहायचा झाला तर झाकण काढून बोट बुडवायचं आणि चाटायचं. डोळ्यांपुढे सगळं जसंच्या तसं उभं राहायचं.

माल्गुम या शाळेत रांजण पुसायची. जादू तिला कवडीची येत नव्हती आणि यावी असं तिला कधी वाटलंही नाही. रुंद पंजे, खणखणीत आवाज, आणि बोलायला लागली की समोरचा गुरुजी आहे की कुंभार हे न पाहणारी जीभ. ऊन पडलं की झाकणं उघडायची, ढग आले की धावत जाऊन लावायची, आणि वर्षाच्या पहिल्या अश्वदिनी, म्हणजे पंचांगातल्या घोड्याच्या दिवशी, सगळ्या रांजणांना नवे मोजे चिकटवायचे, एवढं तिचं काम.

मोजे म्हणजे कागदाचे. पांढऱ्या कागदाचा मोजा कापायचा आणि रांजणाच्या पोटावर उलटा डकवायचा, बोटं वर, तोंड खाली. आमच्याकडे घरोघरी सोयाच्या रांजणाला तो असतोच. घरी तो, ज्याचं सार होतं ते आतलं सोयाचं मुरवण बिघडू नये म्हणून असतो, शाळेत दिवस चालता होऊ नये म्हणून. उलट्या मोज्यात पाय घालून कोण चालणार? तोच मोजा सरळ चिकटला तर आतला दिवस उठतो आणि आपल्या जुन्या उंबऱ्याशी जाऊन उभा राहतो. मग सूर्य बुडेपर्यंत त्यात काय हवं ते बदलता येतं. शाळेची खरी जादू ती. पण एक दिवस बदलला की त्याच्यानंतर त्याच्यातून उगवलेलं सगळं सुकत जातं, म्हणून राजाच्या हुकमाशिवाय कुठल्याही रांजणाचा मोजा सरळ करायला सक्त मनाई होती.

गावकऱ्यांना मात्र शाळेने एक सवलत दिली होती. एखाद्याला एखादा दिवस छातीवर पेलवेनासा झाला तर तो इथे ठेवायला देता येई. तो विसरायला होत नसे, फक्त त्याचा वास घरात यायचा थांबायचा. मागच्या भिंतीला लागून असलेल्या बुटक्या रांजणात माल्गुमचा असाच एक दिवस होता.

ती नवी नवरी असतानाचा. तिचा नवरा साम्बोक सकाळी जेवताना म्हणाला, "सार बरंय, पण माझ्या आईच्या हाताची चव नाही." रांजणांच्या गावात बायकोला असं म्हणणं म्हणजे काय, हे दुसरीकडच्यांना कळायचं नाही. माल्गुमने पळी आपटली. "मग जा आईकडे! मला परत तोंड दाखवू नका!" तो हसत हसत उठला, पलीकडच्या काठावर बहिणीकडून चांगलं मीठ आणतो म्हणाला आणि नावेत बसला. नदीचं गोठलेलं पाणी नुकतं फुटत होतं. बर्फाची एक लादी येऊन नावेला धडकली. नावाडी पोहून बाहेर आला. साम्बोक सापडलाच नाही.

पुढे माल्गुमने रांजण बनवणाऱ्या दोक्सूशी पाट लावला. माणूस अबोल आणि मायाळू होता. त्याच्यापासून तिला गोप्दान झाली. काही हिवाळ्यांपूर्वी दोक्सूही तापाने गेला आणि मायलेकी दोघीच उरल्या. गोप्दान शाळेत मीठ कुटायची. तिच्या लग्नाचं म्हणजे नकटीच्या लग्नाला सतराशे विघ्नं. नाक सरळ होतं, पण तोंड आईवर गेलं होतं.

त्या वर्षी अश्वदिनी माल्गुमने सगळे मोजे डकवले आणि शेवटी त्या बुटक्या रांजणापाशी आली. तिथे आली की ती मान फिरवायची. दर वर्षीचंच होतं ते. भिंतीकडे बघत, चाचपडत, खळ लावून कागद दाबायची आणि निघून यायची. यंदाही तसंच केलं. एवढी वर्षं हात चुकला नाही म्हणून कधीच चुकणार नाही, असं ती धरून चालली होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी गोप्दान पायरीवरचे गवताचे जोडे पायात अडकवत कुरकुरत होती.

"आई, सातूच्या भातात खडे होते."

"दात आहेत ना? मग चाव."

"लग्न झाल्यावर सासू काय म्हणेल?"

"आधी सासू तर शोध! तुझं तोंड ऐकून तीन मध्यस्थ बायका गाव सोडून गेल्या."

"तुझं ऐकून गेल्या. मी तर पाणी द्यायला बाहेर आले होते," असं म्हणून गोप्दान हसत निघून गेली.

माल्गुम भोपळ्याच्या डव्याने पाणी काढत होती, तेवढ्यात फाटकापाशी कुणीतरी घसा खाकरला.

"माल्गुम! ए माल्गुम! बाहेर ये, राग गेला का?"

तिच्या हातातला डवा खाली पडून फुटला. हा आवाज तिने एवढ्या वर्षांत स्वप्नातही ऐकला नव्हता. स्वप्नात साम्बोक यायचा तो मुका. ती वळली. फाटकात साम्बोक उभा होता. तोच, ऐन पंचविशीतला, गालावर एक मुरुम, डोक्याला फडकं, पाठीला रिकामी टोपली. तिच्या निम्म्या वयाचा. माल्गुमने भिंतीला पाठ लावली.

"आजी," तो ओशाळून म्हणाला, "भिऊ नका. हे घर माझंच आहे. म्हणजे, असावं. दार वेगळं दिसतंय. माझी बायको कुठंय?"

आजी! त्याही स्थितीत तो शब्द तिला चपराकीसारखा लागला.

"मी... मी तिची मावशी," ती कशीबशी म्हणाली. "ती माहेरी गेली."

"गेली ना शेवटी!" साम्बोकने कपाळाला हात लावला. "सकाळी जरा सारावरून बोललो, तर म्हणाली तोंड दाखवू नका. निघालो होतो नदीकडे, पण अर्ध्या वाटेतून पाय मागे वळले. म्हटलं, एकदा बोलून जावं. कसं कोण जाणे, इथे पोचलो."

"बसा," माल्गुम म्हणाली. "बसा ओसरीवर. हलू नका. मी आले."

आणि या वयात तिने डोंगर चढताना जो वेग धरला तो तरुण पोरींनाही जमला नसता. मागच्या भिंतीशी जाऊन पाहते तो मोजा सरळ! तोंड वर, बोटं खाली, जणू कुणी आत्ताच पायात घालून गेलंय. झाकण बाजूला पडलेलं आणि रांजण कोरडा ठणठणीत.

रांजणांची जबाबदारी ब्योन गुरुजींकडे होती. तिच्या हाका ऐकून ते आले, मोजा पाहिला आणि त्यांचा चेहरा कागदापेक्षा पांढरा झाला.

"कुणी केलं हे?"

"मीच केलं. मान फिरवून डकवला. गुरुजी, तो घरी आलाय. ओसरीवर बसलाय. जिवंत!"

गुरुजींनी वाकून कोरड्या रांजणात पाहिलं. मग म्हणाले, "ऐक. तो आज नावेत बसला नाही तर वाचेल. सूर्य बुडाला की तो इथलाच होईल, तुझा होईल. त्याला कुणी परत ढकलू शकत नाही. तो आपल्या पायांनी नावेत बसला, तरच दिवस रांजणात परत येईल."

माल्गुमचे डोळे चमकले. खोटं कशाला सांगा, चमकले. तिच्या मनात पहिलं आलं ते हेच, की आज त्याला पोटभर जेवू घालीन आणि दाराला कडी लावून बसेन.

"पण त्या दिवसानंतर तुझ्या आयुष्यात जे उगवलं," गुरुजी तिच्याकडे न बघता म्हणाले, "ते टिकायचं नाही. साम्बोक बुडालाच नाही, तर दोक्सूशी तू पाट लावशील कशाला?"

"दोक्सू तर गेला, गुरुजी. तो कुठे..." आणि ती थांबली. "गोप्दान?"

गुरुजींनी मान खाली घातली.

"तुम्ही काहीतरी करा ना! एवढी जादू शिकलात, एवढी पोरं शिकवता!"

"हुकमाविना मला रांजणाला हात लावता येत नाही," गुरुजी म्हणाले. "निर्णय तुझा." आणि हात बाह्यांमध्ये खुपसून ते आत निघून गेले. विद्वान माणसं अशा वेळी बरोबर आत निघून जातात.

माल्गुम धावत मीठ कुटायच्या छपरीत गेली. उखळ होतं, मुसळ होतं, गोप्दान नव्हती. तिथे काम करणाऱ्या बाईला विचारलं, तर ती म्हणाली, "कोण गोप्दान?"

"चेष्टा नको करूस गं! माझी गोप्दान! काल तुझ्याशी भांडली ती!"

"तुला कुठून आली मुलगी? बाई, तुला ऊन लागलंय का?"

थट्टा असती तर बाईच्या डोळ्यांत दिसली असती. तिथे नुसती काळजी होती. डोंगर उतरताना ती दोनदा पडली. घरी आली. पायरीवरच्या खिळ्याला गोप्दानची मिठाची चाळणी आज सकाळपर्यंत टांगलेली होती. खिळा होता, चाळणी नव्हती. भिंतीवर दोक्सूने लेकीची उंची मोजायला मारलेल्या खुणा होत्या, त्यातल्या खालच्या तेवढ्या उरल्या होत्या. ती बघत असतानाच आणखी एक पुसट झाली आणि तिथे कोरी माती दिसू लागली.

साम्बोक शहाण्यासारखा ओसरीवर बसला होता. "मावशी, धावता कशाला एवढ्या? भूक लागलीय हो. तिने मला अर्ध्या जेवणावरून हाकललं."

काय करावं ते न सुचून माल्गुमने तेच केलं जे तिच्या हातांना येत होतं. तिने त्याच्यापुढे छोटं मेज मांडलं. सातूचा भात, मुळ्याची आंबवलेली किमची आणि वाफाळतं सार. त्याने पहिला घोट घेतला आणि थबकला.

"हे सार..."

"काय झालं? खारट आहे?"

"नाही हो. आईच्या हातचंही असं नव्हतं कधी." मग तो लाजून हसला. "माझी बायको म्हातारी झाली की असं करील बघा. हात आहे तिच्याकडे. मी नुसतं चिडवायला बोललो. चिडली की तिचे कान लाल होतात, ते बघायला मजा येते."

माल्गुमने डोक्यावरचं फडकं कानांवर ओढून घेतलं. एवढी वर्षं ती समजत आली होती की तो मन दुखावून गेला. आणि हा मेला कान बघत होता! तिला हसू आलं, आणि हसता हसता ती थांबली, कारण फाटकात गोप्दान उभी होती.

उभी होती म्हणायचं. उन्हात उभी असून तिची सावली पडत नव्हती. पायांत जोडे नव्हते. घर पहिल्यांदाच बघावं तशी ती इकडेतिकडे बघत होती.

"काकू," गोप्दान अदबीने म्हणाली, "पाणी मिळेल का थोडं? मी वाट चुकले. कुठे जायचं होतं तेच आठवत नाहीये."

काकू! जिने जन्मात कधी अदबीने तोंड उघडलं नाही, ती पोरगी!

"तुझं नाव काय, बाळ?" माल्गुमने विचारलं.

गोप्दानने तोंड उघडलं, मिटलं. "होतं काहीतरी," ती म्हणाली, आणि तिचे डोळे भरून आले. "आत्ता होतं."

साम्बोकच उठला. दयाळू होता तो, पहिल्यापासून. त्याने डव्याचं फुटकं अर्धं उचललं, पाणी भरलं आणि तिच्यापुढे धरलं. "घे, मुली. घाबरू नकोस. मावशी, हिला इथेच बसू द्या. कुणाची तरी असेल बिचारी."

गोप्दानने हात पुढे केला, तर पाणी तिच्या ओंजळीतून आरपार जमिनीवर सांडलं.

साम्बोक दोन पावलं मागे सरकला. माल्गुम नाही सरकली. तिने क्षणभर दोघांकडे पाहिलं. एक आयुष्यभर हवा असलेला आणि एक आयुष्यभर वाढवलेली. तिला दोघंही ओळखत नव्हती. उन्हं कलायला लागली होती.

"उठा," ती साम्बोकला म्हणाली. "तुम्हाला मीठ आणायचं होतं ना? चला, नावेपर्यंत सोडते."

"आणि ही?"

"हिची आई येतेय न्यायला," माल्गुम म्हणाली आणि चालायला लागली. मागे बघितलं असतं तर तिचे पाय पुढे पडले नसते.

नदीवर ती पुन्हा हबकली. सकाळपर्यंत नदी मोकळी वाहत होती, आता वरच्या वळणावरून बर्फाच्या लाद्या करकरत खाली येत होत्या. आणि धक्क्याला ती नाव लागली होती, जिच्या फळ्या गावाने कधीच चुलीत घातल्या होत्या. वल्ह्यावर तोच म्हातारा नावाडी बसला होता, जो त्या दिवशी वाचला आणि पुढे म्हातारपणाने अंथरुणात गेला.

साम्बोक काठावर थांबला. टोपली सावरली, पाण्याकडे बघितलं.

"मावशी, बर्फ फार आहे हो," तो म्हणाला. "आज राहू का? उद्या जाईन. तुम्ही मोठ्या आहात, तुम्ही म्हणाल तसं करतो."

त्या दिवशी ज्याला विचारावं असं काठावर कुणी नव्हतं. आज तो विचारत होता, आणि तिलाच. 'राहा' एवढंच म्हणायचं होतं. तिच्या जिभेवर तो शब्द आला, दातांपर्यंत आला. तिने तो गिळला.

"जा," ती म्हणाली. "जाऊन या. मीठ संपलंय."

"बरं," तो सहज म्हणाला. तिचा शब्द मानला त्याने! नावेत चढला, मध्ये बसला. नावाड्याने बांबू रेटला. नाव काठापासून सुटली आणि मधल्या धारेला लागायला निघाली. तेवढ्यात वाऱ्याने माल्गुमच्या डोक्यावरचं फडकं मागे उडालं. साम्बोकने तिच्याकडे पाहिलं. आधी सहज, मग टक लावून. तिचे कान लालभडक झाले होते.

तो अर्धवट उठला. "माल्गुम?" तो म्हणाला. "अगं, तू? तुला काय झालं हे?"

नाव डुलली. तिने हो म्हटलं असतं तर त्याने पाण्यात उडी टाकून काठ गाठला असता. एवढं अंतर अजून पोहण्याजोगं होतं.

"मी तिची मावशी!" माल्गुम ओरडली. आवाज चिरकला तिचा. "खाली बसा आधी! नाव हलतेय!"

तो बसला. बसून तिच्याकडे बघत राहिला. आणि मग त्याने हळूच मान हलवली, जेवणानंतर पुरे म्हणून हलवतात तशी. त्याला कळलं की नाही, किती कळलं, हे माल्गुम शेवटपर्यंत सांगू शकली नाही. तिने पाठ फिरवली. मागून लाकूड फुटल्याचा आवाज आला तेव्हा ती डोंगराच्या पायवाटेला लागली होती.

रांजणावर झाकण बसलेलं होतं. आत पाणी भरलं होतं, वर कोळसा तरंगत होता. माल्गुमने खळ घेतली, मोजा सोलून काढला आणि बोटं वर करून डकवला. यंदा तिने मान फिरवली नाही. कडा एकेक करून अंगठ्याने दाबल्या आणि त्यावर कपाळ टेकलं.

"आई!" मागून चिडका आवाज आला. "मी घरभर शोधतेय तुला! चूल विझलीय, डवा फोडून ठेवलायस, आणि सगळं सार कुणी संपवलं?"

माल्गुम वळली. गोप्दान कमरेवर हात ठेवून उभी होती. पायांत जोडे होते आणि पायांपुढे लांबच लांब सावली पडली होती.

"काय म्हणालीस?" माल्गुमने विचारलं.

"म्हटलं, सार कुणी संपवलं?"

"त्याच्या आधी."

"आई म्हटलं. दुसरं काय म्हणणार? असं काय बघतेस गं?"

आणि माल्गुमने छाती पिटत जो टाहो फोडला, तो ऐकून शाळेतली पोरं, मीठ कुटणारी बाई, आत जाऊन बसलेले ब्योन गुरुजी, सगळे अंगणात धावत आले. आमच्याकडे माणूस गेलं की घरच्या बाईने असा टाहो फोडायचा असतो. प्रेत मिळालं नव्हतं म्हणून साम्बोकसाठी तो कुणी फोडलाच नव्हता. गोप्दान पार भेदरली. "कोण गेलं गं?" ती आईला हलवत विचारत राहिली. "आई, सांग ना, कोण गेलं?" माल्गुमने काही सांगितलं नाही. ती रडत राहिली, आणि लेकीचं मनगट तिने एवढं घट्ट धरलं होतं की त्यावर बोटांचे वळ उठले.